भागीरथीच्या तीरावरचे नाट्यगृह

संस्कृत वाङ्मयात नाट्यगृहांना तोटा नाही. कालिदासाच्या 'मालविकाग्निमित्रा'त राजवाड्यातली संगीतशाळा आहे. पुराणांत इंद्राची सभा आहे, तेथे गंधर्व गातात आणि अप्सरा नाचतात. परंतु भवभूतीने 'उत्तररामचरिता'च्या सातव्या अंकात जे नाट्यगृह उभे केले आहे, त्याच्या तोडीचे दुसरे निदान माझ्या वाचनात आलेले नाही. हे नाट्यगृह भागीरथीच्या तीरावर आहे. त्याला भिंत नाही, खांब नाही, छप्पर नाही. यजमान प्रत्यक्ष वाल्मीकी, नटवर्ग म्हणजे स्वर्गातल्या अप्सरा, आणि प्रेक्षक कोण म्हणाल तर ब्राह्मण, क्षत्रिय, नगरजन, खेड्यापाड्यांतले लोक, देव, असुर, नाग, पशुपक्षी, इतकेच नव्हे तर झाडे आणि डोंगर. ऋषीने आपल्या तपोबलाने चराचर सृष्टी एका वाळवंटावर आणून बसविली आहे.

आणि या अद्भुत नाट्यगृहाचा व्यवस्थापक आहे लक्ष्मण. अंकाच्या आरंभी तोच येतो आणि सांगतो की, रामाच्या आज्ञेवरून मी येथे मर्त्यांच्या आणि अमर्त्यांच्या बसण्याची यथायोग्य सोय लावून ठेवली आहे. मला या प्रवेशाचे फार कौतुक वाटते. ज्याने इंद्रजिताला मारले, त्याला कवीने सतरंज्या घालायला लावले आहे! थोड्याच वेळाने राम येतो. त्याचा पहिला प्रश्न कोणता? प्रेक्षक नीट बसले का, हा. दुसरी गोष्ट तो सांगतो ती लव आणि कुश या दोन अनोळखी मुलांच्या जागेविषयी: माझ्या पुतण्याला, चंद्रकेतूला, जो मान तोच या मुलांना मिळावा. लक्ष्मण उत्तर देतो की तुमच्या मनातला जिव्हाळा ओळखून मी तशीच व्यवस्था केली आहे. आपलीच मुले समोर बसली आहेत हे बापाला ठाऊक नाही. तो फक्त त्यांना चांगली जागा मागतो आहे. कोण कोठे बसले, हा प्रश्न नाट्यगृहात कधीच क्षुल्लक नसतो. या लेखात त्याच्याकडे पुन्हा यावे लागेल.

नाटक सुरू होते. विषय रामाच्याच घरातला आहे. वनात टाकलेली, दिवस भरलेली सीता गंगेत उडी घेते. मग गंगा आणि पृथ्वी तिला सावरून बाहेर आणतात, दोघींच्या कडेवर एकेक नवजात बालक. पृथ्वी ही सीतेची आई. ती जावयाविषयी जे बोलते ते कोणतीही सासू बोलेल तेच, आणि जावई समोरच्या आसनावर बसून ते ऐकतो आहे. राम मधूनच भान हरपून रंगमंचाशी बोलू लागतो. लक्ष्मणाला त्याला सांगावे लागते की हे नाटक चालले आहे. शेवटी पृथ्वी सीतेला आपल्या पोटात घेते असे दिसताच राम मूर्च्छित पडतो. तेव्हा लक्ष्मणाचाही धीर सुटतो आणि तो ओरडून वाल्मीकींना विचारतो की, मुनिवर, तुमच्या काव्याचा हेतू हाच होता काय?

यानंतर घडते ते जगातल्या कोणत्याही रंगमंचावर क्वचितच घडले असेल. वाद्ये थांबविण्याची आज्ञा होते. गंगेचे पाणी खवळते, आकाश देवर्षींनी भरून जाते आणि पाण्यातून सीता वर येते. नाटकातली सीता नव्हे, खरी. अरुंधती तिला पुढे आणते, तिच्या हाताच्या स्पर्शाने राम शुद्धीवर येतो. पण भवभूती येथे थांबत नाही. अरुंधती प्रेक्षकांकडे वळते आणि जमलेल्या पौरजानपदांना विचारते: अग्नीने जिची शुद्धी पारखली, देवांनी जिला वानले, ती ही सीता तुमच्या राजाने स्वीकारावी की नाही? आता हे पौरजानपद म्हणजे कोण? पहिल्या अंकात दुर्मुख नावाच्या हेराने ज्यांची कुजबुज रामाच्या कानांत सांगितली, तेच हे लोक. त्यांच्या जिभेमुळे सीता रानात गेली. वाल्मीकीने त्यांना करमणुकीसाठी बोलावले नव्हते; आपण काय केले ते डोळ्यांनी पाहावे म्हणून बोलावले होते. ते नाट्यगृह म्हणजे एक न्यायासन होते, आणि आरोपी प्रेक्षकांत बसले होते. लोक खाली मान घालतात, सीतेला नमस्कार करतात. मूळ रामायणात सीता भर सभेत धरणीच्या पोटात जाते ती जातेच. भवभूतीने तो शेवट बदलला, आणि बदलण्यासाठी त्याला शस्त्र लागले नाही, वर लागला नाही. एक रात्रीचे नाटक पुरले.

मी काही संस्कृतचा पंडित नव्हे. मॅट्रिकपर्यंत जेवढे संस्कृत मास्तरांनी गळ्याखाली उतरविले तेवढ्यावर, आणि पुढे भाषांतरांच्या आधाराने, मी हा कवी वाचला. तरीही त्याच्यावर लिहिण्याचा थोडा हक्क मला आहे असे मी मानतो, कारण तो आमच्या गावकीतला आहे. भवभूती आपले कुळ सांगताना विदर्भातल्या पद्मपुराचे नाव घेतो. काश्यप गोत्र, तैत्तिरीय शाखा, उदुंबर हे उपनाव, आजोबा भट्टगोपाल, वडील नीलकंठ, आई जातुकर्णी, असा सगळा पत्ता त्याने देऊन ठेवला आहे. महामहोपाध्याय वासुदेव विष्णु मिराशी यांनी हे पद्मपूर म्हणजे आमगावजवळचे आजचे पद्मपूर, असे प्रतिपादन केले. दुर्ग जिल्ह्यात सापडलेला एक अपुरा वाकाटक ताम्रपट पद्मपुराहूनच दिलेला आहे, त्याचाही त्यांनी आधार घेतला. म्हणजे हे गाव एके काळी राजशासन जेथून सुटावे एवढ्या योग्यतेचे होते. आमगाव १९९९ च्या १ मे रोजी गोंदिया जिल्ह्यात गेले, तोवर ते भंडारा जिल्ह्यातच होते. जिल्ह्याची सीमा सरकली म्हणून कवी सरकत नाही, असे मी माझ्या वर्गात सांगतो. गोंदियाकडच्या मित्रांनी रागावू नये.

आणखी एक गंमत सांगतो. भवभूतीच्या नाटकात गोदावरी पुनःपुन्हा येते. पद्मपुराच्या आसपासचे पाणी बाघ नदीतून वैनगंगेला मिळते, वैनगंगा पुढे वर्धेला मिळून प्राणहिता होते आणि प्राणहिता गोदावरीत जाते. त्या मुलाने लहानपणी ज्या ओढ्यात होडी सोडली असेल, त्याचे पाणी अखेर त्याच्या नाटकातच जाऊन पोहोचले.

असो. हा पुढे कनोजच्या यशोवर्म्याच्या आश्रयाला गेला. कल्हणाने 'राजतरंगिणी'त वाक्पतिराजाबरोबर त्याचे नाव घेतले आहे. आठव्या शतकातली ही गोष्ट. पण राजाश्रय मिळूनही त्याची नाटके कोठे झाली? त्याच्या तिन्ही नाटकांच्या प्रस्तावनेत सूत्रधार एकच सांगतो: कालप्रियनाथाच्या यात्रेत. हे कालप्रियनाथ म्हणजे उज्जयिनीचे महाकाल असे कित्येक मानतात. मिराशींनी ते यमुनेकाठचे काल्पी मानले. स्थळ कोणतेही असो, प्रसंग यात्रेचा आहे. राजाच्या संगीतशाळेतला निवडक रसिकवर्ग नव्हे, तर बैलगाड्या सोडून, पोराबाळांसह आलेला जमाव. 'मालतीमाधवा'च्या प्रस्तावनेत तर नट सांगतात की या कवीची आम्हा नटांशी स्वभावतःच मैत्री आहे. वेदपाठी ब्राह्मणाच्या घरातल्या, पिढ्यानपिढ्या सोमयाग सांगणाऱ्या मुलाची नटांशी दोस्ती! त्या काळी घरात काय काय ऐकून घ्यावे लागले असेल याची कल्पना करावी.

शास्त्राने सांगितलेले नाट्यगृह अगदी वेगळे आहे. भरताच्या 'नाट्यशास्त्रा'तली कथा अशी की, पहिले नाटक इंद्राच्या ध्वजोत्सवात उघड्यावरच झाले. विषय होता देवांनी असुरांचा केलेला पराभव. असुरांना हे अर्थातच रुचले नाही. विरूपाक्षाच्या पुढारपणाखाली ते विघ्नांना घेऊन आले आणि त्यांनी नटांची वाणी, हालचाल आणि स्मरणशक्ती गोठवून टाकली. इंद्राने ध्वजदंड उपसून त्यांना झोडपले. तोच दंड पुढे 'जर्जर' म्हणून रंगपूजेत राहिला. पण दांडपट्ट्याने नाटक कायमचे चालत नाही. तेव्हा ब्रह्मदेवाने विश्वकर्म्याकडून बंदिस्त नाट्यगृह बांधून घेतले आणि त्याच्या प्रत्येक भागावर एकेक देवता पहाऱ्याला बसविली: नेपथ्यावर मित्र, वाद्यांवर मेघ, वेदीवर अग्नी, रंगभूमीच्या तळाशी पाताळवासी. म्हणजे पहिले नाट्यगृह बांधले गेले ते कलेच्या सौंदर्यासाठी नव्हे, बंदोबस्तासाठी. हे मी थट्टेने म्हणत नाही. मात्र त्याच अध्यायात पुढे ब्रह्मदेव असुरांना बोलावून समजूत घालतो की हा नाट्यवेद एकट्या देवांचा नाही, तिन्ही लोकांच्या भावांचे हे अनुकरण आहे. असुरांची तक्रार अगदीच निराधार नव्हती, हे ब्रह्मदेवालाही कळले होते.

दुसऱ्या अध्यायात मोजमापे आहेत. मर्त्यांसाठी चौसष्ट हात लांब आणि बत्तीस हात रुंद असे मध्यम आकाराचे घर सर्वांत चांगले. हात दीड फुटाचा धरला तर ९६ फूट बाय ४८ फूट. त्याहून मोठे बांधू नये, कारण नटाचा आवाज विरतो आणि चेहऱ्यावरचे भाव दिसत नाहीत. यातले अर्धे प्रेक्षकांना, म्हणजे ४८ फूट चौरस. दाटीवाटीने मांडी घालून बसले तर चारएकशे माणसे मावतील. जमीन आधी नांगरून हाडे, खुंट, कवट्या काढून टाकाव्यात. मोजणीची दोरी तुटता कामा नये. मधोमध तुटली तर धन्याला मृत्यू. घर डोंगरातल्या गुहेसारखे असावे, झरोके बारीक असावेत, वारा येऊ नये, म्हणजे आवाज घुमतो. सरगुजा जिल्ह्यातल्या रामगढच्या डोंगरात सीताबेंगा नावाची एक लेणी आहे; तेथे खडकात कोरलेल्या बैठका पाहून ब्लॉख नावाच्या जर्मन विद्वानाने १९०४ च्या सुमारास हे भारतातले जुने नाट्यगृह असावे असे मत मांडले. शेजारच्या जोगीमारा लेणीत सुतनुका नावाच्या देवदासीवर देवदिन्नाने प्रेम केले, एवढीच गोष्ट ब्राह्मी अक्षरांत कोरलेली आहे. नाट्यगृहाचे मत सर्वांना मान्य झालेले नाही. पण डोंगराच्या गुहेसारखे घर म्हणताना भरताच्या मनात काय होते, ते सीताबेंगाच्या चित्रावरून चांगले समजते.

भवभूतीने भरताला उत्तम ओळखले होते. चौथ्या अंकात लव सांगतो की वाल्मीकींनी आपल्या कथेतला एक भाग नाटकरूपाने स्वतःच्या हाताने लिहून भरतमुनींकडे पाठविला आहे, ते तो अप्सरांकडून करवून घेणार आहेत. आणि ते हस्तलिखित वाटेत हरवू नये म्हणून कुश धनुष्य घेऊन शिष्यांबरोबर गेला आहे. नाटकाच्या वहीला सशस्त्र पहारा! म्हणजे नाटकाचा दिग्दर्शक भरतच होता. तरी त्या भरताचे बंदिस्त, गुहेसारखे घर मात्र कवीने घेतले नाही. चराचर बसवायचे तर ४८ फूट चौरस जागा पुरणार कशी? तो नदीकाठी गेला. त्याने असे का केले याचे शास्त्रीय कारण पंडित सांगतील. मला वाटते, ज्याची नाटके यात्रेतच होत, त्याला नाट्यगृह म्हणजे उघडे मैदान हेच दिसणार.

आता वैनगंगेच्या काठी येतो.

भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली या चार जिल्ह्यांतला धानाचा, तळ्यांचा आणि रानाचा मुलूख म्हणजे झाडीपट्टी. बलिप्रतिपदेला गायगोधन झाले, गोवारी लोकांनी ढाली नाचविल्या, की भाऊबीजेपासून मंडया लागतात. मंडई म्हणजे बाजार नव्हे. गावाची जत्राच ती. प्रत्येक गावाचा दिवस ठरलेला. सासरी गेलेल्या मुली माहेरी येतात, पाहुण्यांनी घरे भरतात, दिवसा शेव, चिवडा, जिलबी, पाळणे, आणि रात्री दंडार. मुलामुलींची लग्ने पुष्कळदा या पाहुणचारातच जमतात. दंडारीला व्यासपीठ लागत नसे. चौकात किंवा पाराजवळ जागा झाडून घेतली, टेंभे पेटविले, भोवती माणसे बसली की झाले नाट्यगृह. पुरुषच बायकांची सोंगे घेत. खडी गंमत हा दुसरा प्रकार. शाहीर, नाच्या आणि त्यांचे साथीदार उभ्याउभ्याच रात्र काढतात, म्हणून ती 'खडी'. साथीला ढोलकी आणि तुणतुणे. देवादिकांच्या कथेतून सवाल-जवाब करीत ते कोणत्या क्षणी पाटलाच्या घरात शिरतील याचा नेम नसे, आणि पाटील समोरच बसलेला असे.

पुढे याच मातीत पडद्याचे नाटक आले. टेंभे गेले, गॅसबत्त्या आल्या. त्या गेल्या, जनरेटर आला. बायकांच्या भूमिका बायका करू लागल्या. देसाईगंज म्हणजे वडसा हे या नाटक मंडळ्यांचे मुख्य ठाणे झाले. दिवाळीपासून होळीपर्यंत हंगाम. गावातले नाट्यमंडळ वडशाला जाऊन प्रयोग ठरविते, तिकिटे विकते, नफा झाला तर मंदिराला किंवा शाळेला देते आणि तोटा झाला तर वर्गणी काढून निमूटपणे भरते. शंकरपटाच्या रात्री तर नाटक हवेच. दिवसा बैल धावायचे, रात्री नट. २०१४ साली सर्वोच्च न्यायालयाने बैलांच्या शर्यतींना मनाई केली तेव्हा पटाबरोबर कित्येक ठिकाणची नाटकेही अडचणीत आली. डिसेंबर २०२१ मध्ये शर्यतींना पुन्हा परवानगी मिळाली आणि २०२३ च्या मे महिन्यात घटनापीठाने ती कायम केली. मधल्या काळात २०२० ची दिवाळी साथीची होती. मंडया ओस पडल्या, बहुतेक गावांत मंडप उभा राहिला नाही, आणि या चार महिन्यांच्या मिळकतीवर वर्ष काढणारे नट, वादक, पडदेवाले, रंगभूषाकार घरी बसले. २०२३ मध्ये गडचिरोली जिल्ह्यातले परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली, तेव्हा पुण्या-मुंबईच्या वर्तमानपत्रांतून झाडीपट्टीचा नकाशा छापून आला. नकाशा छापावा लागला, यातच सगळे आले.

या मंडपाची रचना मुद्दाम पाहण्यासारखी असते. धान कापून झालेली एखादी सपाट बांधी निवडतात. काही गावांत प्रेक्षकांची जागा पुढच्या बाजूला उतरती खणून ती माती समोर टाकतात आणि तिचाच रंगमंच उभा करतात. म्हणजे मागच्याला पुढच्याचे डोके आड येत नाही आणि बाहेरून एक पाटीही माती आणावी लागत नाही. बांबू रानातला. भोवती तट्टे किंवा कनाती. आत रस्ता, दरबार, जंगल, झोपडी असे रंगविलेले पडदे. रंगमंचाच्या पायाशी ऑर्गन आणि तबला. पुढे खुर्च्यांच्या रांगा, मागे जमीन. तणसावर घोंगडे टाकून आम्ही पोरे बसत असू. खाली धसकटे टोचत आणि वरून दव पडे. रात्री दहाअकराला पडदा वर जातो तो पहाटेपर्यंत. दर रात्री नाटक वेगळे, गाव वेगळे. नटाला पाठांतराला सवड कोठली? म्हणून पडद्याआड वही धरून बसणारा माणूस हा या रंगभूमीचा कणा. पहिल्या रांगेत बसले तर प्रत्येक वाक्य दोनदा ऐकू येते, एकदा कुजबुजीत आणि एकदा गर्जून. शहरी पाहुण्याला याचे हसू येते. आम्हाला येत नाही; आम्ही दुसऱ्यांदा आलेलेच ऐकतो. दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत बांबू उपटले जातात, आणि उन्हाळी धान करणारा शेतकरी असेल तर महिन्या-दोन महिन्यांत त्याच जागी चिखलणी होते. जेथे दरबार होता तेथे रोवणी!

आता माझी खरी तक्रार. मराठी रंगभूमीचा इतिहास आपण १८४३ पासून सांगतो. सांगलीला विष्णुदास भाव्यांनी 'सीतास्वयंवर' केले तेथून. त्या मानाबद्दल कोणाचे दुमत असण्याचे कारण नाही. पण त्या इतिहासाची पाने चाळताना असे दिसते की जेथे छापील नाटक आहे, जाहिरात आहे आणि विटांचे नाट्यगृह आहे, तेथेच लेखकाची लेखणी थांबते. दंडारीची संहिता तोंडी, तिचे नाट्यगृह सकाळी मोडलेले. मग लिहायचे कशावर? ज्याचे अवशेष राहत नाहीत ते झालेच नाही, असा आपल्या इतिहासलेखनाचा एक अबोल नियम आहे. या न्यायाने कालप्रियनाथाच्या यात्रेतला रंगमंचही झाला नाही म्हणावे लागेल. त्याची एक वीट कोणी दाखवू शकणार नाही. साकोलीच्या डॉ. हरिश्चंद्र बोरकरांनी झाडीबोली आणि दंडार यांच्या अभ्यासासाठी आयुष्य वेचले, गावोगाव हिंडून म्हाताऱ्यांच्या तोंडून गाणी आणि सोंगे उतरवून घेतली. हे काम एका माणसाचे नव्हे, एका विद्यापीठाचे होते.

परंतु आपल्याकडचे ते सगळे सोन्याचे, असेही मी म्हणणार नाही. येथे बसण्याच्या जागेचा प्रश्न पुन्हा येतो. भवभूतीने चराचराला गंगाकाठी जागा दिली खरी. पण त्याच नाटकाच्या दुसऱ्या अंकात रामाच्या तलवारीने शंबूक मरतो, कारण तो शूद्र असून तप करीत होता. मरताच तो दिव्य पुरुष होतो आणि रामाला दंडकारण्यातले डोंगर आणि नद्या दाखवीत हिंडतो, अशी कवीने मखलाशी केली आहे. त्यावर रागवावे की कवीचे मन हलले होते असे समजावे, हे मला आजवर ठरविता आले नाही. दोन्ही खरे असेल. सातव्या अंकातल्या त्या जमावात शंबुकाच्या घरचे कोणी बसले होते का, आणि बसले असल्यास लक्ष्मणाने त्यांना कोठे बसविले, हे भवभूतीने लिहिलेले नाही. आमच्या गावांतल्या जुन्या दंडारीतही सर्वांना एकाच तणसावर जागा होती असे म्हणणे लबाडीचे होईल. नाचणारा, ढोलकी वाजविणारा पुष्कळदा ज्या घरांतला असे, त्याच घरांतल्या बायका-पोरांना दूर, गोठ्याच्या भिंतीपाशी उभे राहून पाहावे लागे. १९५४ साली याच भंडाऱ्यातून डॉ. बाबासाहेब आंबेडकर लोकसभेच्या पोटनिवडणुकीला उभे राहिले आणि पडले. त्या निकालाचा आणि दंडारीतल्या भिंतीपाशी उभ्या असलेल्या माणसांचा काही संबंध नाही, असे मला वाटत नाही.

मोठेपणी मंडपात तिकीट आले, आणि विचित्र गोष्ट अशी की तिकिटाने ही भिंत थोडी पाडली. ज्याच्या हातात पैसे त्याला खुर्ची. खुर्चीवाला कोणत्या मोहल्ल्यातला हे तिकीट फाडणारा विचारीत नाही. पैशाने केलेली ही समता काही फार उंच प्रतीची नव्हे. ज्याच्याजवळ पैसे नाहीत तो आजही धसकटांवरच बसतो. तरी शिवारातल्या एका कापलेल्या बांधीत एका रात्रीपुरते असे घडते, आणि गावच्या पंचायतीत ते घडायला वर्षे लागतात, हे मी पाहिले आहे.

या नाटकांचे विषय आता बहुधा घरगुती असतात: टाकलेली बायको, दारुडा नवरा, हुंडा, भावाभावांची वाटणी, सावकार. विनोद भडक असतो, मधल्या नाचांना शिट्ट्या पडतात, आणि त्याविषयी शहाणे लोक नाक मुरडतात ते सर्वस्वी चूक आहे असेही नाही. काही वेळा मलाही उठून जावेसे वाटले आहे. पण सुनेला घराबाहेर काढण्याचा प्रवेश आला की त्या हजारो माणसांत जी शांतता पसरते ती मी ऐकली आहे. माझ्याजवळच बसलेल्या एका म्हाताऱ्या बाईने एकदा पदर तोंडात धरला होता, आणि तिचा मुलगा, जो घरी काय करतो हे सगळ्या गावाला ठाऊक होते, मान खाली घालून जमिनीवरचे तणस खुडत होता. रंगमंचावरच्या नटाला यातले काही माहीत नव्हते. वाल्मीकीने हेच ताडले होते: आरोपीला दरबारात बोलावले तर तो वकील आणतो, नाटकाला बोलावले तर एकटा येतो.

वैनगंगेवर पवनी तालुक्यात गोसेखुर्दचे धरण आहे. १९८८ साली पंतप्रधान राजीव गांधींच्या हस्ते त्याची पायाभरणी झाली. धरणाने खालच्या अंगाला पाणी दिले, आणि वरच्या अंगाची गावे घेतली. घरांचा मोबदला, झाडांचा मोबदला, विहिरींचा मोबदला यांचे हिशेब झाले. ते पुरे झाले की अपुरे, हा वाद अजून चालतो. पण ज्या बांधीत दरवर्षी मंडप उभा राहत असे, तिच्या मोबदल्यात ती रात्र कोणत्या रकान्यात लिहायची? मालक एकटा होता, प्रेक्षक सगळा गाव होता. नोंद मालकाची झाली, आणि कायद्याच्या दृष्टीने ती बरोबरच होती.

नदीकाठचे काळेभोर शेत जाऊन मुरमाच्या माळावर वसलेल्या अशा एका पुनर्वसित गावची मंडई मी पाहिली. गावातली घरे तीन ठिकाणी विखुरली होती. काही येथे, काही दुसऱ्या वसाहतीत, काही मोबदल्याचे पैसे घेऊन भंडाऱ्याकडे. मंडईचा दिवस मात्र त्यांनी जुनाच ठेवला होता. मुरमात बांबू रोवायला पहार लागत होती. जमीन खणून उतार करणे शक्यच नव्हते, तेव्हा ट्रॉलीने माती आणून रंगमंच रचला होता आणि मागच्या माणसांना उभे राहूनच पाहावे लागणार होते. तिकिटावर गावाचे जुने नाव छापले होते, पुढे 'पुनर्वसित' हा शब्द नव्हता.

पडदा वर जाण्यापूर्वी नाट्यमंडळाचा चिटणीस ध्वनिक्षेपकावर आला. देणगीदारांची नावे झाली, हरवलेल्या एका मुलाचे वर्णन झाले, मग पाहुणे कोठून कोठून आले आहेत त्या गावांची यादी तो वाचू लागला. त्यातली कित्येक गावे पाण्याखाली गेलेली होती. एकेक नाव पुकारले जाई, आणि मंडपाच्या कोठल्या तरी कोपऱ्यातून दहावीस हात वर होत. यादी संपल्यावर दिवे मालवले आणि ऑर्गनवाल्याने नांदीचा सूर धरला.